मलनबीला कोण धुणार

बेगमपेठेत कुणाच्या घरात बाईमाणूस वारलं की मौलवींच्या आधी निरोप जायचा तो सरदारबीकडं. मय्यतीला आंघोळ घालायचं काम तिला तिच्या सासूनं शिकवलं होतं. बोरीचा पाला घालून पाणी किती कोमट करायचं, उजवं अंग आधी, डावं मागून, कापूर शेवटच्या पाण्यात, आणि अंगावरची चादर हलू द्यायची नाही. हाताला सगळं बसलं तेव्हा सासू म्हणाली होती, "आता तोंडाचं शिक. मुर्द्याच्या अंगावर जे दिसलं ते पाण्याबरोबर गेलं. बाहेर येऊन बोललीस तर तू धुणारी न्हाईस, चुगलखोर हाईस." सरदारबीनं वीस वर्षं हे पाळलं. कुणाच्या अंगावर काय होतं हे तिच्या नवऱ्याला, इमामसाबलाही कधी कळलं नाही.

एकोणीसशे तेवीस सालच्या उन्हाळ्यात तिला स्वतःच्या मुलीला धुवावं लागलं.

जमीला एकोणीस वर्षांची होती. विजापूर वेशीजवळ मलनबीच्या घरात तिला दिली होती. तिचा नवरा, मलनबीचा एकुलता मुलगा बंदेनवाज, गिरणीत मागावर काम करायचा. पोरगी तापानं गेली, असा निरोप आला. ताप खरा होता. पण पाठ धुवायला सरदारबीनं तिला कुशीवर वळवलं आणि चादरीखाली हात घातला, तेव्हा बोटांना खळगे लागले. तापवलेल्या उलथन्याचे डाग. पाठीवर, मांड्यांवर. काही जुने, सुकलेले; काही ओले, पिकलेले. ताप कुठून आला ते तिला कळलं.

पडद्यापलीकडून मलनबीनं विचारलं, "झालं का? तोंड कसं दिसतंय पोरीचं? नूर आलाय न्हवं?"

धुणाऱ्या बाईचा नियम मलनबीला पाठ होता. म्हणूनच ती एवढ्या निर्धास्तपणे विचारत होती. सरदारबीनं ओठ चावला आणि म्हणाली, "आलाय."

त्या दिवसापासून तिच्या मनात एकच गोष्ट राहिली. ही मरेल तेव्हा हिला मीच धुणार. थंडीचे दिवस असावेत, पाणी गार असावं. नखं लागतील तशी लागू द्यायची. आणि मग बाहेर येऊन हिच्या अंगावर जे जे दिसेल ते गल्लीत मोठ्यांदा सांगायचं. जात्यावर बसली की ती हे मनात घोळवायची. दळण कधी संपायचं ते तिला समजायचं नाही.

दोन वर्षांनी मलनबीनं मुलासाठी दुसरी मुलगी बघितली, मैंदर्गीची. हे कानावर आलं तशी सरदारबी उठली आणि मौलवींच्या दारात जाऊन उभी राहिली.

"मौलवीसाब, मय्यतीचं झाकायचं म्हंजी कुणाचं झाकायचं? मेलेलीचं, का मारणारीचं?"

म्हातारे मौलवी दाढीवरून हात फिरवत म्हणाले, "मेल्या माणसाचा ऐब, त्याचं उणं झाकायचं, बी. तुझ्या पोरीच्या अंगावर जे काय हुतं, तो तिचा ऐब न्हवं."

"मग दोन वर्षं मी कुणाचं राखलं?"

दुसऱ्या दिवशी ती मैंदर्गीला निघाली.

अक्कलकोट रोडपर्यंत ती रेल्वेनं गेली, पुढं बैलगाडीनं. मुलीच्या कानडी बोलणाऱ्या आईला मराठी फारसं येत नव्हतं, म्हणून सरदारबीनं तिच्याच चुलीजवळचं उलथनं उचललं आणि आपल्या पाठीवर कुठं कुठं ते टेकवून दाखवलं. सोयरीक त्याच दिवशी मोडली. परक्याची पोर वाचवणं तिच्यावर होतं, हे खरंच. पण परतीच्या गाडीत तिला जो आनंद झाला तो काही कर्तव्य केल्याचा नव्हता, आणि तिनं स्वतःला तसं समजावलंही नाही.

पुढं मलनबी जिथं जाईल तिथं सरदारबी तिच्या मागोमाग गेली. वैराग, मंगळवेढा, केम. चार सोयरिकी मोडल्या. मग कुणी मुलगी दाखवीनासं झालं. बंदेनवाजनं घर सोडलं आणि गिरणीजवळच्या चाळीत खोली घेतली. एकदा मलनबी स्वतः दारात आली. वाळली होती.

"माझ्या घरात दिवा लावायलाबी कुणी ठेवणार न्हाईस का?"

"न्हाय," सरदारबी म्हणाली आणि तिनं दार लावून घेतलं.

इमामसाब घोंगडीवर पडल्या पडल्या म्हणाला, "आता बास कर की."

"तुमी कधी कर म्हणला न्हवता. आता बास कर असंबी म्हणू नका."

एकोणतीस सालच्या थंडीत पेठेत उंदीर पडायला लागले. प्लेगच्या भीतीनं लोक घरांना कुलपं लावून शहराबाहेर झोपड्यांत गेले. मलनबी एकटीच मागं राहिली. जांघेत गाठ आली आणि तिसऱ्या दिवशी सकाळी ती गेली. बंदेनवाज झोपड्याझोपड्यांतून फिरला. गाठीच्या मय्यतीला हात लावायला एकही बाई तयार होईना. शेवटी मौलवी स्वतः सरदारबीच्या झोपडीपाशी आले.

"एकीनं धुतलं की सगळ्या सुटल्या," ते म्हणाले. "कुणीच न्हाय धुतलं तर गुन्हा सगळ्यांच्या माथ्यावर. पण तुला जा असं मी म्हणणार न्हाय, बी. कसं म्हणू?"

"मी सहा वर्षं ह्याचीच वाट बघतीय," सरदारबी म्हणाली आणि पदर खोचून निघाली. मौलवींना धाप लागेस्तोवर तिच्या मागं चालावं लागलं.

मलनबीच्या अंगणात बंदेनवाज चूल पेटवत होता. "पाणी तापवू नकोस," ती म्हणाली. आत जाऊन तिनं पडदा ओढला, घागर उचलली आणि गार पाणी मलनबीच्या अंगावर ओतलं. मग चादरीखाली हात घातला. पाठ गुळगुळीत होती. म्हातारी, हाडं वर आलेली, पण एकही ओरखडा नसलेली. या बाईला जन्मात कुणी चापटसुद्धा मारली नव्हती. सरदारबीच्या डोक्यात तिडीक गेली. तिनं नखं रोवली. कातडं तसंच दबून राहिलं. पुन्हा गार पाणी ओतलं. मलनबी शहारली नाही, कुरकुरली नाही. बधिर झाली ती सरदारबीचीच बोटं.

ती तशीच उकिडवी बसून राहिली. मेलेल्याला आता काय करणार? आणि हे धुणं मलनबीचं तरी कुठं होतं? हे तिच्या सासूनं तिच्या हातात दिलेलं होतं, तिचं स्वतःचं होतं. हिनं माझी पोर घेतली, तिला वाटलं, आता माझे हातबी हिलाच देऊ का? माझ्या हातनं वाईट धुतलं गेलं तर ते हिनं केलं असं हुईल, आणि एवढं मी हिला मिळू देणार न्हाय.

"पाणी तापव," तिनं बाहेर हाक दिली. "बोरीचा पाला आन. आणि कापूर."

तिनं पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. उजवं अंग, डावं अंग, तीन वेळा, कुठं घाई नाही. केस विंचरले. कफनाचे पाचही कपडे सुरकुती न पाडता नीट चढवले. तिच्या आयुष्यात एवढं चोख धुणं तिनं केलं नसेल. ते करताना तिचे दात एकमेकांवर घट्ट आवळलेले होते.

जनाजा उचलायला चौघं कसेबसे जमले. रीतीप्रमाणं मौलवी म्हणाले, "मय्यतीकडनं कुणाला काय बोलणं, दुखवणं झालं असंल तर माफ करा." सगळे सरदारबीकडं बघू लागले.

"न्हाय," ती म्हणाली.

"बी, मय्यत उचलायची हाय."

"उचला की. धुणं माझ्यावर हुतं, ते मी केलं. माफ करणं माझ्यावर न्हाय. जिचं हुतं तिला जाऊन विचारा, त्याच कब्रस्तानात हाय ती."

मौलवींनी पुढच्या दांड्याला स्वतः खांदा दिला.

प्लेग ओसरला, लोक घरी परतले. चाळीस दिवस झाल्यावर बंदेनवाज सरदारबीच्या दारात आला. ती सुपात ज्वारी पाखडत होती.

"अम्मा, तुमी आलात म्हणून माझ्या अम्मीला..."

"तुझ्यासाठी आले न्हवते." सूप थांबलं नाही. "मला एक सांग. माझी पोर ओरडायची का?"

तो माघारी वळायला लागला.

"तू घरात असायचास."

"असायचो."

"मग ओरडायची का?"

"पैल्यांदा ओरडायची," तो म्हणाला. "नंतर नंतर न्हाय."

सरदारबीनं सूप खाली ठेवलं. मग ती म्हणाली, "हे मला सांगून काय उपेग? मला ठाव हाय. शुक्रवारी मशिदीच्या पायरीवर उभा राहा आणि सगळ्यांना सांग. तिनं काय केलं ते सांग, आणि तू काय केलं न्हाईस तेबी सांग."

दोन शुक्रवार तो फिरकला नाही. तिसऱ्या शुक्रवारी नमाज सुटल्यावर तो पायरीवर उभा राहिला. तो बोलायला लागला. एकदोघं मधेच निघून गेले. पण त्यानं सांगितलं, बऱ्यापैकी सगळं. सरदारबी समोरच्या बोळात भिंतीला टेकून ऐकत होती. तो खाली उतरल्यावर ती घरी आली आणि भाकऱ्या थापायला बसली.

इमामसाबनं जेवताना विचारलं, "झालं का समाधान?"

"मांड्यांवरचे डाग सांगायचे ऱ्हायले त्याच्याकडनं," ती म्हणाली. "पुढच्या शुक्रवारी त्याला पुन्हा उभा करा म्हणावं मौलवीसाबांना."