डोंगरमामांचा डोंगर

तंजावरच्या आसपास डोंगर नाही. कुठेही उभं राहून पाहा, भाताची शेतं, कालवे, नारळ, आणि त्यापलीकडे पुन्हा भाताचीच शेतं. कावेरीने सगळा मुलूख पोळीसारखा लाटून ठेवलाय. अशा ठिकाणी माझ्या नवऱ्याच्या मामांनी डोंगर दाखवायचा धंदा काढला, म्हणून सगळे त्यांना डोंगरमामा म्हणायचे. तोंडावरसुद्धा म्हणायचे. मामांना ती पदवी वाटायची.

मामा पाटबंधारे खात्यात कारकून होते. मी लग्न होऊन वाईहून तंजावरला आले तेव्हा पेपरात रोज छापून येत होतं की देशाची दारं उघडली, आता बाहेरची माणसं येणार, बाहेरच्या गाड्या येणार. ही बातमी घरात सगळ्यांनीच वाचली, पण मामांनी ती जणू त्यांनाच उद्देशून छापली आहे अशी वाचली. नोकरीची चारेक वर्षं उरलेली असताना त्यांनी राजीनामा दिला, जुनी अॅम्बॅसिडर घेतली, सेल्वम नावाचा एक वयस्क, अबोल ड्रायव्हर ठेवला आणि दारावर पाटी लावली: एका दिवसात डोंगर आणि समुद्र, सोबत खास गाइड. पाटी रंगवणाऱ्याने जन्मभर पुढाऱ्यांचे उंच कटआउट रंगवले होते. त्यामुळे त्याने काढलेल्या डोंगराला उगाचच मिशा असल्यासारख्या दिसायच्या.

मामा चालत्या वाहनात बसले की बोलायला लागायचे. वाहन कुठलंही चालायचं. भाजी आणायला रिक्षात बसले तरी ‘आता डाव्या हाताला पाहा’ सुरू. एकदा आम्ही लग्नाला बसने कुंभकोणमला निघालो होतो. मामांनी खिडकीतून दिसणाऱ्या प्रत्येक देवळाची हकिगत अशी रंगवली, की पापनाशमला उतरणारी दोन माणसं ऐकत ऐकत कुंभकोणमपर्यंत आली आणि तिथे उतरल्यावर मामांवरच चिडली. मामांनी त्यांना लग्नाला जेवायला नेलं.

त्यांच्या हकिगतींमध्ये तंजावरचा मराठा राजा हटकून असायचा. कुठलंही मोठं झाड दिसलं की राजाने तिथे घोडा बांधलेला असायचा. मी एकदा म्हटलं, “मामा, एवढे घोडे बांधल्यावर राजाने राज्य कधी केलं?” मामा गंभीरपणे म्हणाले, “म्हणूनच गेलं नाही का राज्य?”

त्यांचं मराठी ऐकायला मला फार आवडायचं, पण सुरुवातीला ते कळायचं नाही. घरातले सगळेच पिढ्यान्‌पिढ्या तिथले. बोलणं मराठी, चाल तमिळ, आणि मध्येच आपल्याकडे कुणी वापरत नाही असा जुना शब्द. सगळं म्हणायचं तर ते ‘अस्कं’ म्हणत. जेवण्याला ‘जेमणं’. मामा घरी आले की पहिला प्रश्न, “जेमलीस का?” मला ते ‘रमलीस का’ असं ऐकू यायचं. नवी सून, माहेर लांब, मी डोळे पुसत म्हणायची, “नाही मामा, अजून नाही.” मामा हाक मारायचे आणि मामी मुकाट्याने माझ्यापुढे पुन्हा पान मांडायच्या. मला वाटायचं, काय ही माया. तीन महिन्यांत माझे सगळे ब्लाउज उसवावे लागले.

रमले मात्र नव्हते हे खरंच होतं. आणि ते माझ्या बाबांना कळलं होतं.

बाबा वाईच्या शाळेत भूगोल शिकवायचे. निवृत्त झाल्यावर आईला घेऊन ते पहिल्यांदा तंजावरला आले ते पाहुणे म्हणून नव्हे. त्यांच्या मनात होतं की माधवने, म्हणजे माझ्या नवऱ्याने, इथली कॉलेजातली नोकरी सोडून पुण्यात दुसरी बघावी. तसं त्यांनी पहिल्याच संध्याकाळी सासूबाईंसमोर बोलूनही दाखवलं. सासूबाईंच्या हातातला पेला खाली ठेवताना वाजला. माधव माझ्याकडे बघत होता आणि मी जमिनीकडे. बाबा आणि माधव, मला दोघांपैकी कुणालाच ‘हो’ म्हणायचं धाडस होत नव्हतं.

पुढचे दोन दिवस घरात सगळे एकमेकांशी फार अदबीने वागत होते. बाबा सकाळी गच्चीवर जायचे, चहूकडे बघायचे आणि खाली येऊन म्हणायचे, “काय सपाट प्रदेश आहे. माणसाने नजर टेकवायची कुठे?”

हे वाक्य मामांच्या कानावर गेलं. त्यांना पुण्याचं, नोकरीचं, कशाचंच वाईट वाटलं नव्हतं. हे मात्र लागलं. ते मला म्हणाले, “व्याह्यांना सांग, उद्या तयार राहा. डोंगर, समुद्र, अस्कं दाखवतो.”

त्या संध्याकाळी मामा कागद घेऊन माझ्याकडे आले. वाईच्या मास्तरांसमोर बोलायचं तर भारी मराठी हवं. मी भारी शब्द सांगायचे आणि त्यांनी लिहून घ्यायचे. आता मामांना देवनागरी येत नव्हती. ते मराठी लिहायचे तमिळ अक्षरांत, आणि तमिळमध्ये क-ग, त-द, प-ब-भ यांना एकेकच अक्षर. रोजचे शब्द त्यांच्या जिभेवरचे, ते बरोबर यायचे. नवे शब्द मात्र कागदावरून वाचताना भलतेच व्हायचे. मी सांगितलं, ‘हा भव्य दुर्ग’. मामांनी मन लावून लिहिलं आणि खणखणीत आवाजात वाचलं, “हा पव्य तुर्क.” मी चार वेळा सुधारलं. पाचव्या वेळी दोघांनाही हसू आवरेना आणि मामी आतून बघायला आल्या.

सकाळी निघालो. पुढे सेल्वम आणि मामा, मध्ये टॉवेलात बांधलेला पुळियोदरैचा, म्हणजे चिंचेच्या भाताचा डबा. मागे बाबा, आई, मामी आणि मी. माधवला कॉलेज होतं. खरं म्हणजे त्याने ते शोधून काढलं होतं. बाबा खिडकीतून बाहेर बघत होते. मामा पाठ वळवून, सीटवर गुडघे टेकून आमच्याकडे तोंड करून बोलत होते. पहिल्याच वडाशी राजाचा घोडा बांधून झाला. बाबांनी विचारलं, “या गावाची समुद्रसपाटीपासून उंची किती?” ते कुठेही गेले तरी हे विचारायचे.

“हजार फूट तरी असेल,” मामा म्हणाले.

बाबांनी चष्मा काढून पुसला. शेजारच्या कालव्यात पाणी इतकं निवांत होतं, की ते कुठल्या बाजूला वाहतंय हेही कळत नव्हतं.

मामांचा डोंगर पुदुक्कोट्टैच्या बाजूला निघाला. माळावर एक उघडाबोडका, गुळगुळीत, मोठा खडक. वर एक छोटं देऊळ. पायऱ्या नाहीत, नुसता उतार. वाईच्या माणसाला दाखवायला ही गोष्ट म्हणजे काय सांगू. आमच्या घराच्या खिडकीतून पांडवगड दिसतो. गाडीतून उतरून बाबांनी एकदा वर पाहिलं, एकदा माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत पुण्याची नोकरी स्पष्ट दिसत होती.

मामांनी वेष्टी, म्हणजे लुंगीसारखं नेसलेलं पांढरं धोतर, गुडघ्यापर्यंत दुमडली. चपला सेल्वमच्या हातात दिल्या. “माझ्या मागून या. भिऊ नका,” असं बाबांना सांगून ते तरातरा चढायला लागले. बाबा हात मागे बांधून, फिरायला निघाल्यासारखे त्यांच्यामागे. आम्ही बायका खालीच चिंचेच्या सावलीत थांबलो. मामी एकटक वर बघत होत्या.

मामा देवळाशी पोचले. पूर्वेकडे हात करून मोठ्याने म्हणाले, “हा पव्य—” आणि थांबले. त्यांनी पहिल्यांदाच खाली पाहिलं होतं. हात तसाच वर राहिला. मग ते हळूच खाली बसले. मग त्यांनी देवळाच्या खांबाला मिठी मारली.

“काय झालं?” आईने विचारलं.

मामी शांतपणे म्हणाल्या, “उंचीचं भय असे त्यांना. घरात माळ्यावरचं भांडंसुद्धा मीच काढते.”

“मग चढले कशाला?”

“व्याह्यांना नजर टेकवायला पाहिजे होती म्हणे.”

आई माझ्याकडे बघायला लागली. मी पदर तोंडाला लावून वर बघत राहिले.

वर जे चाललं होतं ते आम्हाला अस्कं ऐकू येत होतं. बाबा मामांना समजावत होते. मामा म्हणत होते, “तुम्ही जावा. मी इथेच राहतो. देवळाला पुजारी नाही, मी होतो.” बाबांनी मग तो आवाज काढला, ज्याने चाळीस पोरं एका दमात गप्प व्हायची. “बसा. पाय पुढे. तळवे खडकाला टेकवा. दरीकडे बघायचं नाही, माझ्या पाठीकडे बघायचं.” दरी कुठे होती देव जाणे. पण ‘दरी’ म्हणताना बाबांच्या आवाजाला एकदम धार आली होती.

मग ती जोडी उतरू लागली. पुढे बाबा, बसून, इंच इंच सरकत. मागे मामा, दोन्ही पायांच्या मध्ये बाबांना धरून, डोळे घट्ट मिटून. सह्याद्री पायाखाली घातलेला माणूस आमच्यासमोर लहान मुलासारखा घसरगुंडी करत येत होता, कारण तो उभा राहिला की मामा किंचाळायचे. अर्ध्या वाटेवर मामांना कर्तव्य आठवलं. मिटल्या डोळ्यांनी त्यांनी सुरू केलं, “आता डाव्या हाताला पाहा, इथे राजाने—”

“घोडा बांधला,” बाबा म्हणाले.

“हां. तुम्हाला कसं माहीत?”

खडकाच्या मध्यावर बाबा हसायला लागले. त्यांचं हसणं मामांच्या पायांतून मामांपर्यंत गेलं आणि मग दोघेही हसत, घसरत, वेष्टीचा मागचा भाग खडकाला अर्पण करत खाली आले. मामींनी डब्यावरचा टॉवेल सोडून मामांच्या कमरेला गुंडाळला.

तिथून पुढे समुद्रापर्यंत गाडीत बाबाच बोलत होते. घाट कसा उतरावा, वारं कुठून बघावं, चढताना दम कसा धरावा. मामा सीटवर उलटे बसून प्रत्येक वाक्याला “सरी, सरी”, म्हणजे बरं बरं, म्हणत होते. एखाद्या गाइडला ऐकावं तसं ते ऐकत होते.

समुद्र मल्लिपट्टिणमजवळचा. तिथे मराठा राजाने बांधलेला आठ मजली बुरूज आहे, आणि त्याला तिकडचे कोळीसुद्धा ‘मनोरा’च म्हणतात. मासे वाळत घालणाऱ्या बाईने सेल्वमला रस्ता सांगताना तो शब्द उच्चारला तेव्हा बाबा चमकले. “काय म्हणाली ती?” त्यांनी मला विचारलं. मी सांगितलं. मग त्यांनी त्या बाईला खुणेने पुन्हा म्हणायला लावलं. ती म्हणाली, “मनोरा.” बाबांनी मान डोलावली. तिला वाटलं, यांना ऐकू कमी येतं, म्हणून तिने आणखी एकदा ओरडून सांगितलं.

त्या बाजूच्या समुद्राला लाटा नाहीत. तळ्यासारखा पडून असतो. बाबांनी रत्नागिरीचा समुद्र पाहिलेला, आणि त्याच्यापासून ते कायम चार हात लांब राहिलेले. इथे त्यांनी पँट गुडघ्यापर्यंत वळली आणि चालत आत गेले. कितीतरी आत गेले तरी पाणी गुडघ्यालाच. “अहो, लाटा कुठे आहेत?” त्यांनी तिथूनच विचारलं.

मामा टॉवेल सावरत किनाऱ्यावर उभे होते. म्हणाले, “तुम्ही येणार म्हणून बंद करून ठेवायला सांगटलं होतं.”

चिंचेचा भात आम्ही मनोऱ्याच्या सावलीत खाल्ला. परतताना ओरत्तनाडुच्या छत्राशी, म्हणजे राजाच्या वेळच्या धर्मशाळेशी, गाडी थांबली. मामा सेल्वमला घेऊन चहा बघायला गेले. बाबा माझ्या शेजारी उभे होते. त्यांनी एका दगडी खांबावरून हात फिरवला.

“त्यांना उतरता येत नाही हे त्यांना ठाऊक होतं,” ते म्हणाले.

“हो.”

“आणि तरी चढले.”

“हो, बाबा.”

“तुला इथे राहायचं आहे का?”

तोपर्यंत मला कुणी हे सरळ विचारलंच नव्हतं. मी म्हटलं, “हो.” म्हणून झाल्यावर मलाच कळलं की ते खरं आहे.

बाबांनी पुण्याचा विषय पुन्हा काढला नाही. घरी गेल्यावर त्यांनी माधवला कॉलेजचं कसं काय चाललंय असं विचारलं आणि सासूबाईंकडे रसम पुन्हा मागितलं. वाईला परतल्यावर ते येईल त्याला तंजावरच्या डोंगराचं वर्णन सांगायचे. आई म्हणायची, दर वर्षी तो खडक थोडा उंच होतो.

मामांचा धंदा चांगला चालला. कधी मदुराईहून, कधी फ्रान्समधून माणसं यायची. मामा त्यांना खडक खालूनच दाखवायचे आणि वर जायला सेल्वमला पाठवायचे. पुढे माधवची बदली चेन्नैला झाली, आमचं जाणं सणावारापुरतं उरलं. एका पोंगलनंतर मामा दुपारचे झोपले ते उठलेच नाहीत. आम्ही पोचलो तेव्हा घर माणसांनी भरलं होतं आणि सगळे हळू आवाजात त्यांच्याच थापा एकमेकांना सांगत होते.

गाडी विकावी असं सगळ्यांनी ठरवलं. मामी म्हणाल्या, “नक्को.” दिवस झाल्यावर पुढच्या आठवड्यात त्या स्वतःच सेल्वमच्या शेजारी जाऊन बसल्या.

त्यांच्या गाडीत मी एकदाच बसले. मागे माझ्याबरोबर केरळचं एक नवं जोडपं होतं. मामी फार बोलत नव्हत्या. देऊळ आलं की देऊळ म्हणायच्या, कालवा आला की कालवा. मनोऱ्यापाशी आम्ही उतरलो. मामींनी समुद्राकडे हात केला आणि त्या जोडप्याला तमिळमध्ये सांगितलं, “माझे मालक इथून पोहत निघायचे. पार दिसेनासे होईपर्यंत जायचे आणि सूर्य मावळला की परत यायचे. कोळी लोक होड्या थांबवून बघायचे.”

मामा जन्मात कधी पोहले नव्हते. अंघोळीलासुद्धा त्यांना पाणी कुणीतरी काढून द्यावं लागायचं.

“केवढ्या लांब?” त्या मुलीने विचारलं.

मामींनी डोळ्यांवर हात धरून नीट पाहिलं आणि बोटाने जागा दाखवली. मीही वाकून तिकडे पाहिलं.