शंकरपटातल्या धुरकऱ्याचं नाव

अकोल्याला गाडीतून उतरलो तेव्हा ऊन चांगलंच तापलं होतं. शंकरपटावर, म्हणजे वऱ्हाडातल्या बैलजोड्यांच्या शर्यतीवर, माहितीपट करायला मी आणि माझा कॅमेरामन दिनकर मुंबईहून आलो होतो. पातूरच्या बाजूच्या त्या गावी जीपने पोचेपर्यंत तोंडात धूळ करकरू लागली.

बैलांचे मालक बापूसाहेब. त्यांनी मळ्यात रोडगे (गोवऱ्यांवर भाजलेले कणकेचे गोळे) आणि वांग्याची भाजी वाढली. त्यांचा धुरकरी (छकडी हाकणारा) किसन दूर बाभळीखाली जेवत होता. त्याचं घर बौद्ध झालं होतं. पंगत मात्र जुनीच राहिली होती.

दुसऱ्या दिवशी आम्ही धावपट्टीच्या कडेला खड्डा खणून त्यात कॅमेरा लावला. छकडी म्हणजे दोन चाकं आणि पाय टेकण्यापुरती फळी. अर्ध्या वाटेत डावा बैल बुजला, छकडी कलंडली. किसन धुरेवर झेपावला, कासरा मनगटाला गुंडाळून त्याने जोडी सरळ केली आणि पट जिंकला. तळहाताची सालं निघाली होती.

फेटा बांधला तो बापूसाहेबांच्या मुलाला. वर बापूसाहेब मला म्हणाले, मुलाला छकडीवर उभा करा, पुन्हा चित्र घ्या, नाव त्याचंच घाला. छकडी हाकली कोणी, असं मी विचारलं.

"बैलं आमचे हायेत," ते शांतपणे म्हणाले. "हाकणाऱ्याचं काय नाव घेता?"

मी साफ नकार दिला. संध्याकाळच्या आत आमचं सामान मळ्याबाहेर पडलं. किसनने ते उचलून आपल्या घरी नेलं. त्याच्या बायकोने, रुखमाबाईने, त्याच्या हाताला हळद बांधली आणि आम्हाला भाकर-ठेचा वाढला. फिल्ममध्ये तुझं नाव येईल, असं मी त्याला सांगितलं.

तो म्हणाला, "साहेब, घेसान तर पुरं नाव घेजा. निसतं किसन नोका म्हनू. किसन सखाराम वानखडे."

मुंबईत वरिष्ठांनी निवेदनातलं ते नाव खोडून 'एक खेडूत' असं लिहिलं. बैलांची जात राहिली, मालकाचं नाव राहिलं. मी भांडलो. गावातले तंटे फिल्ममध्ये नकोत, एवढंच उत्तर मिळालं. मग माझंही नाव काढा, म्हणालो. ते त्यांनी लगेच काढलं.

ती फिल्म आता गावोगाव दाखवतात. माझं नाव गेलं त्याचं मला काही नाही. पण ज्याने मनगटाला कासरा गुंडाळला, त्याला नाव नसावं, याचा संताप अजून उतरत नाही. तुम्ही ती पाहाल तेव्हा निवेदकाचं ऐकू नका. छकडीवर उभे आहेत ते किसन सखाराम वानखडे.