पायानं पुसलेला जिना

तिसरी घंटा झाली आहे असं समजा. पडदा वर जातो. केडगावातलं एक अंगण, शहाबादी फरशीचं. उजव्या बाजूला पत्र्याची शेड, तिच्यात रंगांचे डबे आणि गुंडाळून उभे केलेले पडदे. डावीकडून सुनेच्या शिलाई मशीनचा आवाज. मधोमध प्लॅस्टिकच्या खुर्चीत लुंगी, बनियन आणि जाळीची टोपी घातलेला एक माणूस रस्त्याकडे तोंड करून बसला आहे. वार मंगळवार. कुणाची वाट बघतोस, असं त्याला विचारू नका. तो साफ नाही म्हणेल.

हा खाजाभाई, नाटकाचे पडदे रंगवणारा. आमची कंपनी नगर जिल्ह्यात गावोगाव फिरायची, तेव्हा आमचे राजवाडे, जंगलं, कोर्टकचेऱ्या सगळं याच्या ब्रशातून यायचं. याच्या चांदण्याखाली मी कितीतरी वेळा मेले आहे. मरतानाही धास्ती असायची, की लोक मला बघतायत की मागचं चांदणं?

वाट होती गोरक्षची. गोरक्ष राहात्याचा सुतार. खाजाभाईनं पडदा रंगवायचा, गोरक्षनं दारं, खिडक्या, जिने करायचे, अशी यांची जोडी. मंगळवारी गोरक्ष केडगावच्या देवीला यायचा. देवीपाशी पाच मिनिटं आणि उरलेला दिवस या अंगणात. फक्की, म्हणजे मैदानावर रेघा मारतात ती पांढरी भुकटी, मुठीत धरून दोघं या फरशीवर सेट खऱ्या मापाचा आखायचे. एकाची रेघ दुसऱ्याला पटली नाही, की तो तोंडानं काही बोलत नसे. सरळ पायानं पुसायचा. ज्याची रेघ गेली तो उसळायचा. मग शिव्या, मग चहा, मग नवी रेघ. मी बघितलेले त्यांचे सगळे चांगले सेट असे पुसापुशीतून निघाले.

यंदा मी नगरच्या हौशी मंडळींचं एक नाटक बसवायला घेतलं. घर दुमजली हवं होतं. नेमका गोरक्षचा गुडघा धरला, एसटीची पायरी चढवेना. म्हणून मी संगमनेरच्या ज्ञानेश्वरीला बोलावलं. नकाशे काढणारी मुलगी, नाटकाची हौस असलेली. तिनं कॉम्प्युटरवर सेट मांडला आणि तो सगळ्यांना खुला केला. गोरक्ष राहात्यात मोबाईलवर उघडणार, ती संगमनेरात, मी माझ्या घरी, आणि नकाशा एकच. कुणी दार सरकवलं की सगळ्यांच्या समोर सरकतं. ज्याचा हात चालू आहे त्याच्या नावाचा रंगीत बाण फिरताना दिसतो. बाजूला चिठ्ठी लिहायची सोय. हे सुचायला आमच्या वेळच्या मॅनेजरला सात जन्म लागले असते.

गोरक्ष तर खुळाच झाला त्यानं. "बाई, घरी बसून तिघं एका फरशीवर हिंडल्यावानी वाटतं," म्हणाला.

खाजाभाईला मी म्हटलं, "तुझंही नाव घालू या."

"माझं नाव?" तो डबा ढवळत म्हणाला. "त्या पोरीच्या दारात मी नाव सांगून आत जाऊ? राहू द्या."

नकाशा त्याच्या घरात आलाच होता. सून अरफा सेटचे पडदे शिवणार होती, मापं हवीत म्हणून तिचं नाव आत होतं. दुपारी तिचा टॅब मोकळा झाला की सासरेबुवा तो शेडमध्ये घेऊन बसायचे. अरफानं मला नंतर सांगितलं, "मावशी, अब्बा नकाशा बघतच नव्हते. ते दोन बाण बघायचे. निळा गोरक्षकाकांचा, लाल ज्ञानेश्वरीचा. लाल जिथं जाईल तिथं निळा. मग म्हणायचे, बघ कसा मागं मागं हिंडतो गोरख्या! माझ्यासंगं कधी एवढा गोड हुता का?"

चिठ्ठ्या तर तो मोठ्यानं वाचायचा. गोरक्षनं लिहिलं होतं, 'जिना झकास झालाय ताई.' हे त्याला फार लागलं. "आयुष्यात माझ्या पडद्याला झकास म्हनला न्हाई. म्हनायचा, बरा हाय."

आणि जिना खरोखर झकास होता. वळसा घालून वर जाणारा, उतरणारी बाई आधी पाठमोरी दिसावी आणि मग एकदम समोर यावी असा. खाजाभाईला तो पहिल्या नजरेत कळला, म्हणूनच जास्त झोंबला. खराब असता तर हसून सोडून दिला असता.

एका दुपारी त्यानं बोट फिरवून जिना पुसला आणि टॅब मांडीवर धरून बसला. आता गोरक्ष उसळणार. फोन येणार. 'कुठल्या गाढवानं पुसला?' मग आपण म्हणणार, 'ये इकडं, दाखवतो.' एवढंच त्याला हवं होतं.

फोन आला नाही. थोड्या वेळानं जिना होता तिथं परत उभा. त्या कॉम्प्युटरमध्ये आधीचा नकाशा जसाच्या तसा परत आणता येतो. शिवी नाही, चहा नाही.

त्यानं पुन्हा पुसला. पुन्हा उभा. तिसऱ्यांदा बोट फिरवलं, तर काहीच हलेना. वर एक ओळ आली होती: तुम्हाला फक्त बघण्याची परवानगी आहे.

"अरफा," त्यानं हाक मारली, "हे काय लिवलंय?"

तिनं अर्थ सांगितला. त्यानं टॅब तिच्या हातात दिला आणि म्हणाला, "म्हंजे मला प्रेक्षकांत बसवलं."

यातलं मला काहीच ठाऊक नव्हतं. पुढच्या मंगळवारी मी त्याच्या अंगणात गेले, रंगाच्या डब्यावर टॅब टेकवला आणि सगळ्यांना व्हिडिओवर बोलावलं. गोरक्ष दिसला, गुडघ्याला पट्टा. शेजारच्या चौकटीत ज्ञानेश्वरी.

"बाई, एक सांगायचंय, राग मानू नका," गोरक्ष म्हणाला. "अरफा सूनबाईनं जिना दोनदा उडवला. बाणावर तिचंच नाव हुतं. मीच ताईला म्हनलं, तिला नुसतं बघू द्या. सूनबाई, येत नसलं तर हात लावू नये, बाळा. पोरीची मेहनत जाती."

मशीन थांबलं. अरफा दारात आली. तिनं सासऱ्याकडे एकदा बघितलं, पदर सारखा केला आणि म्हणाली, "चुकलं, काका."

खाजाभाई खुर्चीतून उठला, टॅबच्या इतका जवळ गेला की पलीकडे त्याचं नुसतं नाक दिसत असणार.

"तिचं न्हाई चुकलं. ती मी हाय, गोरख्या."

"कोन?"

"जिना मी पुसला. पायानं येत न्हाई त्यात, म्हनून बोटानं."

गोरक्ष मोबाईलवर वाकला. "आन मग भांडला का न्हाईस?"

"तू कुठं भांडलास? आधीच्यासारखा करून गप बसलास. मी इथं मांडीवर घिऊन वाट बघतोय!"

ज्ञानेश्वरी हळूच म्हणाली, "काका, जिन्यात काही चूक आहे का? मी बदलते."

"चूक असती तर बरं झालं असतं," खाजाभाई म्हणाला आणि शेडमध्ये निघून गेला.

त्यानंतरच्या मंगळवारी अंगणासमोर एक टेम्पो थांबला. पुढच्या सीटवरून ज्ञानेश्वरी उतरली. मग काठी, मग पट्टा बांधलेला गुडघा, मग अख्खा गोरक्ष. खाजाभाईनं उठून हात दिला नाही. एवढंच म्हणाला, "देवीला जाऊन आलास का?"

"आधी तुला बघायला आलो. मेलास का जिता हायस."

अरफानं फक्कीचं घमेलं आणून ठेवलं. ज्ञानेश्वरी टॅबवरची मापं वाचत गेली, गोरक्ष काठीनं जागा दाखवत गेला आणि खाजाभाई वाकून रेघा ओढत गेला. जिन्याची वेळ आली तेव्हा घमेलं त्यानं ज्ञानेश्वरीच्या हातात दिलं. तिनं वळसा आखला. त्या रेघांवरून मी माझ्या नायिकेसारखं उतरून दाखवलं, आधी पाठमोरी, मग समोर. या वयात.

आणि खाजाभाईचा उजवा पाय उचलला गेला. चप्पल बरोबर जिन्याच्या पहिल्या पायरीवर. ज्ञानेश्वरीनं घमेलं पोटाशी धरलं. गोरक्षनं मात्र काठी खाली टाकून बाह्या वर केल्या. तोंडभर हसत, भांडायला तयार.

त्याचा तो चेहरा खाजाभाईनं मनसोक्त बघून घेतला, पाय बाजूला ठेवला आणि म्हणाला, "जिना राहू दे तिचा. पन तिला सांगून ठेव गोरख्या, मंगळवार माझा हाय."