दोन अष्टम्या

जगातली एकूण एक मुलं निर्दोष असतात आणि एकूण एक कुलपं गुन्हेगार असतात, असं मनापासून मानणारा एकच सरकारी नोकर परमेश्वराने घडवला आणि तो माझ्या आत्याच्या पदरात टाकला. आतोबांचा हुद्दा होता परिवीक्षा अधिकारी. हा शब्द आत्याला जन्मभर उच्चारता आला नाही. शेजारणींनी विचारलं की ती सांगायची, "चोरट्या पोरांवर लक्ष ठेवतात," आणि मग आवाज उतरवून पुढे म्हणायची, "म्हणजे ठेवायला हवं." पालघरच्या शाळेत मला शिक्षिकेची नोकरी लागली तेव्हा मी त्यांच्या घरी राहायला गेले. पहिल्याच संध्याकाळी मी दाराची कडी शोधू लागले. दारावर कडी नव्हती. जुन्या सागवानात दोन भोकं तेवढी होती, काळी, गुळगुळीत, एखाद्या वृद्धाच्या कानांना बाळपणी टोचलेल्या भोकांसारखी. कडी आणि कोयंडा आतोबांनी स्वतः पटाशीने उपटून विहिरीत टाकले होते. "पोरी, ज्या घरात चोर पाहुणे म्हणून येतात, तिथे कडी लावणं म्हणजे पाहुण्याचा अपमान," ते म्हणाले आणि तपकिरीची चिमूट ओढून इतके प्रसन्न शिंकले की मला त्या रात्री निर्धास्त झोप लागली.

त्यांच्या कोटाला तपकीर, ओवा आणि पावसाळ्यात न वाळलेलं लोकरी कापड यांचा एक संमिश्र वास येई. तो गल्लीच्या तोंडाशी आला की पाठोपाठ आतोबा येत, आणि आतोबांच्या पाठोपाठ तालुक्यातलं एखादं बिथरलेलं, अनवाणी, पोलिसाच्या हाताचे वळ दंडावर घेऊन आलेलं पोर. आम्ही भाचरं त्यांना आतोबा म्हणत असू, म्हणून ती पोरंही म्हणत. पोरं म्हणत म्हणून हवालदार म्हणत. पुढे पुढे कोर्टाचा शिरस्तेदारही भर कचेरीत "आतोबा, तुमचा आरोपी माझी शाई प्यायला!" असं ओरडू लागला. ज्या मुलाने जे चोरलं असेल, तेच त्याच्या हवाली करायचं, ही त्यांची रीत होती. स्टेशनाबाहेरून सायकली पळवणाऱ्या एका मुलाला त्यांनी आपली सायकल पुसायला दिली. पुसता पुसता तो वैतरणेपर्यंत गेला. दिवसभर आत्या धुमसत होती. तिन्हीसांजेला तो खाडीचा चिखल पोटऱ्यांवर वाळवत परतला आणि आतोबांना म्हणाला, "मागचा ब्रेक लागत नाय. तुमी कवा तरी मरशाल." आतोबांना इतका आनंद झाला की त्यांनी त्याला दोन्ही ब्रेक बसवून आणायला पाठवलं. आत्याचं पितळी पातेलं असंच एकदा नाहीसं झालं. "गेलं नाही गं, फिरायला गेलंय," आतोबा म्हणाले. बऱ्याच महिन्यांनी ते ओट्यावर सापडलं, पोचे पडलेलं, आत सुके बोंबील भरलेले. आत्याने ते तीन वेळा चिंचेने घासलं. तरी त्यात केलेल्या दुधाला समुद्राचा वास येतो, असं ती म्हणे. आतोबा मात्र ते दूध डोळे मिटून पीत.

चौकशी करण्याची त्यांची तऱ्हाही जगावेगळी होती. का चोरलंस, कुणी शिकवलं, असले प्रश्न ते कधी विचारत नसत. मुलाशेजारी जमिनीवर मांडी घालून बसत आणि विचारत, "तिथे वास कसला येत होता रे?" पोर गोंधळे. मग हळूहळू सांगू लागे, आणि त्या वासामागून सगळी हकिगत आपल्या पायांनी चालत येई. हे वास आतोबा कोर्टाला सादर करायच्या अहवालात प्रामाणिकपणे लिहीत. न्यायाधीशांनी एकदा चष्मा काढून त्यांना सांगितलं होतं, "अधिकारी, कायद्याला नाक नसतं." त्यावर आतोबा अदबीने म्हणाले होते, "म्हणूनच मला नेमलंय, साहेब."

धर्मा त्यांच्याकडे आला तो अशाच एका वासाच्या पाठीवर. तो नवापूरच्या कोळीवाड्यातला, ओठांवर नुकती लव फुटू लागलेला. त्या वर्षांत तारापूरकडे अणुवीज केंद्राचं बांधकाम जोरात होतं. ताडांच्या रांगांमागे लोखंडी सांगाडे उभे राहत होते, बोईसरच्या रस्त्याला हिंदी बोलणाऱ्या मजुरांच्या झोपड्या पडल्या होत्या, आणि ठेकेदारांच्या गोदामांत कोळ्यांनी कधी न पाहिलेल्या वस्तू येऊन पडत होत्या. तिथून धर्माने नव्या कोऱ्या दोराचं एक भेंडोळं उचललं आणि खांद्यावर टाकून भर दुपारी, सगळ्यांदेखत, किनाऱ्याने घरी निघाला. "लपवला नाय?" हवालदाराने विचारलं. "लपवायला काय झालं? बाच्या होडीला दावायचा होता," तो म्हणाला. आतोबांनी वासाचा प्रश्न विचारला तेव्हा मी ओसरीवर पोरींचे निबंध तपासत होते. धर्माने आपले तळवे नाकाशी नेले. मग म्हणाला, "नव्या दोराचा. डामर नाय, खार नाय, मासळी नाय. कुनीच हात नाय लावलेला." आतोबांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू कवितेची एखादी ओळ ऐकली होती आणि ती दाद न मिळता जाऊ नये. कोर्टात त्यांनी सांगितलं की कोळ्याच्या मुलापुढे नवा दोर म्हणजे भिक्षुकापुढे पुरणपोळी. हात पुढे झाला तर त्यात नवल ते काय? न्यायाधीश हसले, खोकले, कारण त्यांना दम्याचा विकार होता, आणि धर्माला आतोबांच्या देखरेखीखाली घरी राहू दिलं. अखेरच्या तारखेपर्यंत त्याने बापाच्या होडीवर काम करायचं, नेमून दिलेल्या दिवशी हजर व्हायचं, आणि मग तो घरीच राहणार की सज्ञान होईपर्यंत घाटावरच्या सुधारशाळेत जाणार, हे ठरायचं होतं.

आता या तारखांविषयी सांगायला हवं, कारण आतोबांचा सगळ्यात मोठा हट्ट तोच होता. इंग्रजी तारीख किनाऱ्यावरच्या माणसांना उपयोगाची नसते, असं त्यांचं मत होतं. कोळी माणूस पाण्यावर दिवस मोजतो. पुनवेला आणि अवसेला उधाण असतं, तेव्हा त्याला कोर्टात बोलावणं म्हणजे त्याच्या ताटातला घास काढून घेणं. अष्टमीच्या सुमाराला पाणी मंदावतं, त्याला तिकडे भांग म्हणतात. तेव्हा जाळी किनाऱ्यावर येतात, बाप्ये वाळूत बसून ती तुणतात, आणि माणसं रिकामी असतात. म्हणून आतोबा शिरस्तेदाराच्या मागे लागून कोळीवाड्यातल्या मुलांच्या तारखा अष्टमीच्या सुमाराला लावून घेत. "आतोबा, हे कोर्ट आहे की बंदर?" शिरस्तेदार कपाळाला हात लावून विचारी. आतोबा म्हणत, "दोन्हीकडे माणसं वाट बघत बसतात. फरक काय?" आणि गावात जाऊन ते आयांना तारीख कधी सांगत नसत. तिथी सांगत. धर्माच्या आईलाही त्यांनी वाळत्या बोंबलांच्या मांडवाखाली उभं राहून सांगितलं होतं, "बाय, येत्या शुद्ध अष्टमीला पोराला घेऊन ये. त्या दिवशी सुटलाच समज." ती हसली होती. "अष्टमी मी चुकन? जल्म गेला की पान्यात," ती म्हणाली होती.

त्याआधीच्या पावसाळ्यात आतोबांची दोन मुलं तारखेला आलीच नव्हती. न्यायाधीश वाईट मनाचे नव्हते, थकलेले होते. त्यांनी सर्वांसमक्ष सांगितलं होतं, "यापुढे जो मुलगा नेमल्या दिवशी येणार नाही, तो इथे राहणार नाही. मग तुम्ही कितीही वास सांगा." म्हणून त्या अष्टमीला आतोबा गाडीच्या वेळेआधीच कोर्टाच्या व्हरांड्यात जाऊन उभे राहिले. मधल्या सुट्टीत मी डबा घेऊन गेले, तेव्हा ते फाटकापर्यंत जात होते, परतत होते, पुन्हा जात होते. फाटकापाशी चिंचेचा पाला झडून पिवळी साय धरली होती आणि तिच्यावर त्यांच्या वहाणांची एक वाट पडली होती. डबा त्यांनी उघडला नाही. "येईल. भांगाच्या दिवशी ती माणसं कुठे जातात?" ते मला म्हणाले, की त्या वाटेला, कुणास ठाऊक. उन्हं कलली. आतून धर्माचं नाव पुकारलं गेलं; पट्टेवाल्याने ते तीनदा म्हटलं, आणि तिसऱ्यांदा म्हणताना त्याने आतोबांकडे पाहिलं नाही. त्याला सुधारशाळेत धाडायचा हुकूम झाला. न्यायाधीश संध्याकाळच्या गाडीने पुढच्या मुक्कामाला निघून गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी आत्या साबुदाणा परतत होती. तुपात फुटलेल्या जिऱ्याचा वास घरभर दरवळत होता आणि त्या वासाने आतोबांनी मान वर केली. रात्रभर ते खुर्चीवरच बसून होते. "हे काय? तुझा अष्टमीचा उपास काल झाला ना?" त्यांनी विचारलं.

"काल कुठला? कालही अष्टमी होती, आजही आहे. या पक्षात दोन आल्यात. दोन आल्या की उपास दुसरीचा धरायचा," आत्या झारा न थांबवता म्हणाली.

तेवढ्यात कडी नसलेलं दार लोटलं गेलं. दारात धर्मा उभा होता. केसांना तेल चोपडलेलं, भावाचा असावा असा मोठा सदरा, हातात पानात बांधलेली घोळ मासळी. मागे त्याची आई, नवं लुगडं नेसलेली, कपाळ भरून कुंकू लावलेली. "आतोबा, आलो," ती म्हणाली. "पयल्या अष्टमीला जाळी काडली. दुसरी आमची रिकामी. बोईसरवरना पयल्या गाडीला बसलो." मग तिने आतोबांचा चेहरा पाहिला आणि तिचा आवाज बारीक झाला. "आमी दिवशीच आलो ना?"

मी आतोबांना तोपर्यंत कधी धावताना पाहिलं नव्हतं. धर्माचा हात धरून, छत्री विसरून, ते भर रस्त्याने कोर्टाकडे धावले. मागून त्याची आई, मागून मी. शिरस्तेदाराने आम्हा सगळ्यांना पाहिलं आणि लेखणी खाली ठेवली. "तिथी दोन होत्या!" आतोबा धापा टाकत म्हणाले. "तो चुकलेला नाही. पंचांगात दोन अष्टम्या आहेत, घरात विचारा, समुद्राला विचारा!"

"तिथी दोन होत्या, आतोबा," शिरस्तेदार फार हळू म्हणाला. तो एरवी त्यांची थट्टा करणारा माणूस. "पण तारीख एकच होती."

आतोबांनी तार केली, पुढल्या मुक्कामाला जाऊन न्यायाधीशांची गाठ घेतली, वरच्या कोर्टाचे उंबरे झिजवले. कशाचाही उपयोग झाला नाही. पण ते सगळं नंतरचं; धर्माला त्याच दुपारी हवालदारासोबत गाडीत बसवलं. फलाटावर आई खिडकीला लागून उभी होती. पानातली ती मासळी तिने अजून हातात धरली होती आणि ऊन चढेल तसा तिचा वास पसरत होता. धर्माने खिडकीतून विचारलं, "आतोबा, तिकडं दर्या हाय?"

"नाही रे."

"मग अष्टमी कशी समजंल?"

गाडी हलली. आतोबा खिडकीबरोबर चार पावलं चालत म्हणाले, "चंद्र असतो तिथेही. अर्धा झाला की समज."

त्यानंतर नोकरी संपेपर्यंत त्यांनी कुणाला तिथी सांगितली नाही. तारीख सांगत, आणि तिच्या आदल्या दिवशी स्वतः एसटीने नवापूरला, दातिवऱ्याला, डोंगराच्या पाड्यावर जाऊन मुलाला हाताला धरून घरी आणत, जेवू घालत, आपल्या अंथरुणाशेजारी निजवत. वासाविषयी मात्र ते विचारीनासे झाले. अहवाल छोटे झाले. न्यायाधीशांनी त्यांची एकदा तारीफही केली, ती त्यांनी घरी येऊन आत्याला सांगितली आणि आत्याने ताट वाढायला घेतलं. शुद्ध अष्टमीच्या संध्याकाळी ते अंगणात खुर्ची टाकून बसत. आत्या समजून दिवा उशिरा लावी.

धर्मा परत आला तेव्हा आतोबा निवृत्त होऊन वर्ष झालं होतं. उंच, रुंद, इस्तरीची विजार, पायात बूट. उंबऱ्याबाहेर बूट काढून त्याने ते एका रेषेत लावले. सुधारशाळेत सुतारकाम शिकला होता आणि बोईसरला एका ठेकेदाराकडे कामावर लागला होता, त्याच बांधकामावर. "नमस्कार, आतोबा. आपली प्रकृती कशी आहे?" तो म्हणाला. त्याच्या बोलण्यात कुठेही 'हाय' नव्हतं, 'नाय' नव्हतं. माझ्या वर्गातल्या मुलींनी हेवा करावा इतकं ते शुद्ध होतं. होडीवर जात नाही, असंही त्याने सांगितलं. पाणी लागतं, मळमळतं. सरकारच्या कुठल्याही अहवालात तो सुधारलेला ठरला असता. आतून तुपाचा, जिऱ्याचा वास येत होता. आतोबा त्याच्याकडे बराच वेळ बघत होते, मोतीबिंदू झालेल्या डोळ्यांनी, आणि मग त्यांनी अगदी सहज विचारलं, "आज तिथी कोणती रे, धर्मा?"

धर्माने मनगटावरचं घड्याळ पाहिलं. "आज सतरा तारीख, आतोबा."

"बरोबर," आतोबा म्हणाले.

चहा पिऊन, कपबशी विसळून ठेवून तो निघाला. दार त्याने मागे ओढून घेतलं आणि त्याचा हात सवयीने फळीवर कडी शोधू लागला. वर, खाली, पुन्हा वर. बोटं त्या दोन जुन्या भोकांपाशी आली आणि तिथे थांबली. मी आतून त्या भोकांतला उजेड झाकलेला पाहिला. आतोबांनीही पाहिला असावा.

"राहू दे, बाळा," ते बसल्या जागेवरून म्हणाले. "उघडंच राहू दे."

मग भोकांत पुन्हा उजेड आला, बुटांचा आवाज गल्लीच्या तोंडापर्यंत गेला, आणि आतोबा उठून अंगणात खुर्ची टाकायला गेले.