योगिनीबाईंचे वळण

हसणाऱ्यांच्या देखत नवी विद्या शिकायला जो धजतो, तोच खरा निर्भय. डोंबिवलीच्या निवृत्त शिक्षिका योगिनीबाई परचुरे तशा होत्या. पोहणे, सायकल आणि धावणे अशा तिहेरी शर्यतीत, ट्रायथलॉनमध्ये, उतरायचे त्यांनी ठरवले. पोहणे त्यांना माहेरच्या विहिरीने दिले होते, धावणे नित्याचे होते. सायकल मात्र साठीनंतर आरंभली आणि प्रत्येक वळणावर त्या हमखास पडत. हौशी स्पर्धकांवर माहितीपट करणारा सुशांत एकदा म्हणाला, "काकू, मघाशी पडलात ते टिपायचं राहिलं. परत पडाल?"

"अरे, पडायला येतं मला! न पडता वळेन, ते टीप."

स्पर्धेत खाडीलगतचे वळण त्यांनी डौलात घेतले, आणि क्रमांक शेवटचा मिळवला. माहितीपटात ते वळण आहे. बाई आता नाहीत. त्यांची सायकल नात सान्वी चालवते.