करंजवड्याचे कायमचे अनुमोदक

करंजवड्याची ग्रामपंचायत हयात होती तेव्हा तिला सात सदस्य होते. त्यात पंधरा वर्षं आबाजी येळवंडे होते, आणि ही पंधराही वर्षं ते अनुमोदक होते. ठराव मांडतो तो सूचक आणि त्याला मान डोलावतो तो अनुमोदक. आबाजींनी शाळेच्या पत्र्यांना मान डोलावली, पाण्याच्या टाकीला डोलावली, टाकी गळायला लागली तेव्हा तिच्या दुरुस्तीलाही डोलावली. यात राजकारण काही नव्हतं. त्यांचं घर पंचायतीच्या खोलीला लागून होतं, एवढंच.

सभा महिन्याच्या महिन्याला होत असे, पण ती प्रोसिडिंग बुकात, म्हणजे ठरावांच्या वहीत. ग्रामसेवक भीमराज भाऊसाहेबांकडे तीन गावांचा कारभार. ते ठराव घरूनच लिहून आणायचे, वही सायकलच्या कॅरिअरला लावायचे आणि दारोदार सह्या गोळा करत फिरायचे. कोणी धार काढत असला तर धोतराला हात पुसून सही करायचा. सभेत कडाक्याची चर्चा होऊन ठराव सर्वानुमते मंजूर झाला, हे सदस्यांना सही करताना कळायचं. ज्यांना वाचायची सवय होती त्यांना. आबाजींना ती सवय नव्हती.

फक्त एकदा, सत्त्याण्णव साली, भाऊसाहेब दारात येऊन म्हणाले होते, "आबाजी, आज तुम्हाला सूचक केलंय."

आबाजींनी सही केली आणि तडक चाकणला जाऊन अर्धा किलो पेढे आणले.

"कशाचं पेढं?" छबूबाईंनी, म्हणजे त्यांच्या कारभारणीनं, विचारलं.

"सूचक झालो."

"म्हंजे काय मिळतंय?"

"मिळायचं काय त्यात? मान हाय."

"आन् सुचवलंत काय?"

हा प्रश्न भाऊसाहेबांना विचारायचा राहूनच गेला होता. पण आबाजी एवढ्यावरून अडणारे नव्हते. "गावाच्या भल्याचं काईतरी," ते म्हणाले आणि पेढा तोंडात टाकला.

पुढं चार-सहा महिन्यांत करंजवडे महापालिकेत गेलं आणि पंचायत संपली. पंचायतीच्या खोलीत पालिकेचा करवसुलीचा माणूस बसला. तेव्हापासून गेली अठ्ठावीस वर्षं आबाजींचा सकाळचा कार्यक्रम ठरलेला आहे. नाक्यावरच्या चहाच्या टपरीवर बसायचं आणि गाव पालिकेला देणाऱ्याच्या नावानं बोटं मोडायची. तो कोण, हे त्यांना ठाऊक नव्हतं. पण त्यामुळे शिव्यांचा नेम चुकत नसे. तळवड्याला आयटी पार्क आला, कुरुळीकडच्या कंपन्यांतली पोरं खोल्या शोधत करंजवड्यात आली. आबाजींच्या मुलांनी वावरात तीन मजले चढवले आणि बारा बिऱ्हाडं ठेवली. त्या भाड्यातलाच चहा पिऊन आबाजी म्हणत, "वाटोळं झालं राव गावाचं! ज्यानं गाव दिलं ना, त्याला एकदा बगायचाय मला."

माजी सरपंच साहेबरावांचं मात्र उलटं होतं. गाव पालिकेत जाणार ही आवई उठली तेव्हा लोक चिडले होते, म्हणून ठरावाच्या दिवशी ते नेमके मेहुण्याच्या लग्नाला नगरला होते. पुढं जमिनीला सोन्याचा भाव आला तसं त्यांना हळूहळू आठवायला लागलं, की गाव पालिकेत आपणच नेलं. गेल्या दहा वर्षांत तर त्यांना ते ठराव मांडतानाचं भाषणही आठवतं.

यंदा भैरवनाथाच्या उत्सवाची स्मरणिका काढायची ठरली. त्यात पहिल्यांदाच जुन्या पंचायतीचा इतिहास द्यायचा होता, आणि तो लिहायचं काम विमलबाईंकडे आलं. विमलबाई उदगीरच्या. नवऱ्याच्या नोकरीमुळे इकडं आल्या आणि करंजवड्याच्या शाळेत तीस वर्षं शिकवून निवृत्त झाल्या. गावातला एकही माणूस त्यांच्या नात्यातला नसल्यानं इतिहास लिहायला त्यांच्याइतकं लायक कोणी नव्हतं.

आबाजी दुसऱ्याच दिवशी त्यांच्या दारात.

"बाई, अनुमोदक म्हणून नका घालू मला. तसं तर वहीच्या पानापानावर हाय मी. पन एकदा सूचक व्हतो. ती एक वळ घाला. फोटू नसला तरी चालंल."

"कशाचे सूचक होतात हो?"

"ते तुमी शोदायचं. बहुतेक नळयोजना आसंल. न्हाईतर स्मशानाची शेड."

आता आबाजी ऐंशीला टेकले होते. नातवंडं त्यांना 'जुनं काही नका सांगू' म्हणत. त्या एका ओळीशिवाय आपण गावात होतो याचा छापील पुरावा कुठंच नाही, असं त्यांच्या मनानं घेतलं होतं. रोज संध्याकाळी ते बाईंच्या फाटकाशी उभे राहून विचारत, "घावलं का?"

पंचायत मोडली तेव्हा तिचं दप्तर पोत्यात भरून शाळेच्या कपाटावर ठेवलं होतं. नव्या मुख्याध्यापकांना ते रद्दीचं वाटत होतं, पण पोतं उतरवायला शिपाई तयार नसल्यामुळे इतिहास वाचला होता. विमलबाईंनी स्वतः स्टुलावर चढून ते काढलं. पाचव्या दिवशी त्या वही घेऊन येळवंड्यांच्या घरी आल्या. चष्मा पुसला, पाणी प्यायल्या, पुन्हा चष्मा पुसला.

"सापडलं बघा, आबाजी. ठराव क्रमांक चौदा. सूचक, श्री. आबाजी विठोबा येळवंडे."

"बगितलं का?" आबाजी छबूबाईंकडे वळले. "खोटं बोलतो व्हय मी? वाचा बाई, मोठ्यानं वाचा."

बाईंनी वाचलं. "मौजे करंजवडे हे गाव महानगरपालिकेच्या हद्दीत समाविष्ट करण्यास या ग्रामपंचायतीची संमती आहे. सर्वानुमते मंजूर."

आबाजींनी वही ओढून घेतली आणि सही डोळ्यांजवळ धरली.

"ज्याला बगायचा व्हता," छबूबाई शांतपणे म्हणाल्या, "त्यो बगा आता आरशात."

"बाई, ही सही माझी न्हाई!"

"काय बोलायलात आबाजी? येळवंडेमधला 'ळ' असा उलटा ह्या गावात दुसरं कोण काढतंय? माझ्याकडच्या पालकांच्या रजिस्टरात तसाच आहे की."

आबाजी रात्री जेवले नाहीत, म्हणजे एकच भाकरी खाल्ली. सकाळी ते टपरीकडे फिरकले नाहीत. बाईंकडे गेले आणि हळूच म्हणाले, "ती वळ ऱ्हाऊ द्या. आमी आपलं अनुमोदकच बरं."

"राहू देते. पण मग साहेबरावांचं छापावं लागतंय. ठराव मीच मांडला म्हणून लिहून दिलंय त्यांनी, फोटोसकट. समितीचा फोन येऊन गेला दोनदा. वही कोण बघायलंय?"

"फोटूसकट?"

"फेट्यातला."

आबाजींनी त्या दिवशी दोन चहा घरीच घेतले.

स्मरणिकेचा मजकूर पक्का करायला समिती रविवारी देवळाच्या सभामंडपात बसली. तीस-चाळीस गावकरी होते, काही भाडेकरूही आले होते. साहेबराव उठले आणि सांगू लागले, "त्या दिवशी मी म्हणालो, गड्यांनो, पुढच्या पिढीचा इचार करा. सगळ्यांचा इरोध, पन मी ठराव मांडला..."

"साहेबराव," मागून आवाज आला, "त्या दिवशी तुमी नगरला वरातीत नाचत व्हता."

सगळ्यांनी माना वळवल्या. आबाजी खांबाला धरून उठत होते. बाईंच्या हातातली वही त्यांनी घेतली आणि ते पान उघडून समितीसमोर ठेवलं. सदस्यांच्या यादीत साहेबरावांच्या नावापुढं 'गैरहजर' लिहिलं होतं.

"ठराव म्या मांडला. सूचक मी हाय." आबाजींनी पानावरच्या सहीवर बोट ठेवलं. "गाव पालिकेला म्याच दिलं. टपरीवर अठ्ठावीस वर्सं ज्याला शिव्या दिल्या त्यो मीच. ठराव वाचला न्हवता, ही चूक. पन सही केली, ती माझीच. छापा."

साहेबराव म्हणाले, "आरं पन आबा, तू कुटं भाषान केलतंस?"

"भाषान कुणीच न्हाई केलं. सभाच झाली न्हवती," आबाजी म्हणाले, आणि सभामंडपात जो हशा पिकला त्यात साहेबरावांनाही हसावं लागलं.

स्मरणिका छापून आली. बारावं पान, वरून चौथी ओळ. आबाजींनी ती नातवंडांना वाचायला लावली, आणि त्यांनी ती मोबाइलवरून गावभर धाडली. परिणाम दुसऱ्या दिवशी सकाळी सातला दिसला. बारा बिऱ्हाडांतला, बीडकडचा एक भाडेकरू ओट्याशी उभा होता.

"काका, आमच्या गल्लीतलं ड्रेनेज तुंबलंय. पालिकेत कुणी ऐकून घेईना. गाव तुम्हीच दिलं म्हणं त्यांच्याकडं?"

त्याच्यामागं एकजण दिव्याच्या खांबाची तक्रार घेऊन उभा होता. त्याच्यामागं दोन बाया पाण्याची. नऊ वाजेपर्यंत ओट्यावर बसायला जागा उरली नाही. आबाजी आधी गोंधळले, मग चिडले, मग त्यांनी आतून खुर्ची मागवली. पंधरा वर्षांत पंचायतीत त्यांना कोणी काही विचारलं नव्हतं. आता माणसं त्यांच्याकडे बघून बोलत होती आणि उत्तराची वाट पाहत होती.

तेवढ्यात आतून छबूबाई ओल्या कचऱ्याची बादली घेऊन बाहेर आल्या आणि रांगेत सगळ्यांच्या पुढं जाऊन उभ्या राहिल्या.

"तीन दिस झालं, कचऱ्याची गाडी आली न्हाई. काय ते बगा, सूचक."

आबाजींनी टोपी नीट केली, चष्मा लावला आणि बीडकडच्या भाडेकरूनं लिहून आणलेला अर्ज शेवटपर्यंत वाचून काढला. मगच त्यांनी पायात चपला सरकवल्या आणि मंडळी घेऊन ते करवसुलीच्या खोलीकडे निघाले.