कुत्र्याच्या सिनेमाची दुपार

"अन् भरदुपारी अंधार कराचा कायले? चार वाजता जावई येऊन राह्यले, पोरीची पेटी भराची आहे!" अहिल्याबाईंचा आवाज चढला होता.

"सायबाले विचारूनच सिनेमाचं मशीन आणलं." गुणाकर खिडकीवर घोंगडी ठोकत म्हणाले. "तिले एकदा हसू दे. मग भर पेटी."

"महिना झाला पोरगी येऊन. शेजारची कमलाबाई रोज विचारते, काहून आली म्हणून. तिले काय सिनेमा दाखवू?"

गुणाकर प्रसिद्धी खात्यात सिनेमा दाखवायचे. चौदा वर्षं जीपमधून बैहर-परसवाड्याची गावं फिरले. भाताच्या बियाण्याची माहिती बघायला कोणी थांबत नसे, म्हणून आधी दहा मिनिटांचा जुना मुका सिनेमा लावायचा. एक विलायती कुत्रं मालकाच्या ताटातलं पळवतं आणि मार खातं, एवढंच. आवाज गुणाकर द्यायचे. कुत्र्याचाही आणि मालकाचाही. लोक पोट धरून हसत. लहानपणी त्यांची मुलगी चारुलता जीपमध्ये सोबत असायची. सगळं पाठ होतं तिला.

लग्नाला दीड वर्ष झालं होतं. महिन्यापूर्वी ती एकटीच बसने आली. काय झालं विचारलं, की "काही नाही" म्हणून भांडी घासायला बसायची.

पडदा म्हणून टांगलेल्या चादरीवर कुत्रं धावलं.

"मालक, मी नाही खाल्लं जी! मांजरीले विचारा!" गुणाकर नेहमीच्या सुरात बोलले.

चारूचा ओठ जरासा हलला. हातात घडी घातलेलं लुगडं घेऊन अहिल्याबाई दारातच थांबल्या.

मालकाने दांडकं उचललं. या ठिकाणी गुणाकर दरवेळी ओरडत, तसेच ओरडले, "घे! खाशील पुन्हा?"

चारूने दोन्ही हात डोक्यावर घेतले. अंग चोरून ती भिंतीपर्यंत सरकली.

"नाही खात जी. विचारल्याबिगर नाही खात आता."

हे बोलणं सिनेमातलं नव्हतं. मशीन घरघरत राहिलं. मालक चिखलात पडला, कुत्रं त्याच्या पाठीवरून पळालं. कोणी हसलं नाही.

अहिल्याबाईंनी पुढे होऊन खिडकीवरची घोंगडी ओढून काढली. भरत आणलेली पेटी त्यांनी खाटेवर उलटी केली.

"जावई आले की चहा देईन," त्या म्हणाल्या, "अन् एकट्यालेच परत धाडीन. चारू जाणार नाही."